गावातल्या दुकानातून हवं ते पुस्तक कसं मागवायचं

जळगाव असो, धुळे असो की नंदुरबार, आपल्याकडे नेहमीचं आहे, दुकानात जायचं, "ते नाहीये भाऊ" ऐकायचं आणि बाहेर पडता पडता मोबाईलवर ऑर्डर टाकायची. अहो दुकानदार मागवून देतो, फक्त त्याला नीट सांगावं लागतं.

नुसतं नाव सांगून भागत नाही, एकाच नावाची दोन-तीन पुस्तकं निघतात, म्हणून लेखक, प्रकाशन, आवृत्ती लिहून द्या आणि बारकोडपाशी जो १३ आकडी आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा ओळख क्रमांक, असतो तो व्हॉट्सॲप करा. थोडा ॲडव्हान्स स्वतःहून द्या. एका पुस्तकासाठी पुण्याहून पार्सल मागवलं तर त्याचं कमिशन ट्रान्सपोर्टमध्येच जातं, वर तुम्ही न्यायला आलाच नाहीत तर ते पुस्तक त्याच्या गळ्यात पडतं. त्यामुळे सगळ्यात भारी म्हणजे कॉलनीतले, शाळेतले सर-मॅडम अशा चार-पाच जणांची ऑर्डर एकत्र द्या, मग सवलतही हक्काने मागता येते.

क्रॉसवर्डसारख्या चेनवाल्या दुकानांबद्दल माझी काही तक्रार नाही, १९९२ पासून, मुंबईतल्या पहिल्या दुकानापासून त्यांनी लोकांना निवांत पुस्तकं चाळायची सवय लावली, मोठ्या शहरात गेलात तर पोरांना जरूर न्या. पण अहिराणी कवितांचं पुस्तक, एखाद्या मास्तरांनी पदरचे पैसे घालून छापलेला गावचा इतिहास, हे तिथे कुठून येणार? ते आपलाच दुकानदार ठेवेल, तेही कोणी विचारलं तर. म्हणून विचारत जा, दर खेपेला विचारा. साने गुरुजींनी जिथे शिकवलं त्या अमळनेरला १९५२ नंतर थेट २०२४ ला साहित्य संमेलन झालं, तिथले स्टॉल तीन दिवसांत उठले, नंतर पुस्तक हवं झालं तर जायचं कुठे, ह्याच दुकानात ना!

आणि जूनमध्ये ऑर्डर घेऊन जाऊ नका, तेव्हा गाईड-वह्यांची गर्दी असते, त्यावरच त्याचं वर्ष निघतं. दिवाळी अंकांचं मात्र नवरात्रातच सांगून ठेवा, कोणते हवे त्याची यादी देऊन, कारण छोट्या गावात मोजक्याच प्रती येतात आणि संपल्या की परत मागवत नाहीत.