कवी, प्राध्यापक आणि राजदूत: आफ्रिकेतले हे कवी वाचायला कुठून आणि कशी सुरुवात करावी

घानाचे कोफी अवूनोर आधी ब्राझीलमध्ये, मग क्युबात राजदूत होते आणि पुढे संयुक्त राष्ट्रांत देशाचे कायमस्वरूपी प्रतिनिधी झाले. मलावीचे डेव्हिड रुबादिरी देश स्वतंत्र झाला त्याच वर्षी, १९६४ मध्ये, राजदूत म्हणून अमेरिकेत गेले. सिएरा लिओनचे डेव्हिडसन निकोल तर पेशानं डॉक्टर. इन्सुलिनचं शरीरात विघटन कसं होतं यावर त्यांनी संशोधन केलं, मग ते कॉलेजचे प्राचार्य झाले आणि त्यानंतर संयुक्त राष्ट्रांत गेले. तिघांनीही विद्यापीठांत काम केलं आणि तिघांनीही कविता लिहिल्या.

यात योगायोग फारसा नाही. १९६० या एका वर्षात आफ्रिकेतले १७ देश स्वतंत्र झाले. नव्या सरकारांना परदेशी पाठवायला माणसं हवी होती आणि शिकलेली माणसं मोजकीच होती. फ्रीटाऊनचं फोरा बे कॉलेज, कंपालाचं मॅकेरेरे, अक्राजवळचं लेगॉन अशा दोनचार ठिकाणांहून बाहेर पडलेल्यांनाच वर्गापासून वकिलातीपर्यंत सगळीकडून बोलावणं यायचं.

वाचकाची अडचण वेगळीच असते. हुद्दे वाचून दडपण येतं आणि कविता म्हणजे भाषणाचीच दुसरी आवृत्ती असणार असं वाटून बसतं. खाली दिलेल्या क्रमानं गेलात तर तसं होणार नाही. इंग्रजी बऱ्यापैकी वाचता येत असलं की पुरे.

पायरी १: एकच कवी धरा

इंटरनेटवर वीस-वीस नावांच्या याद्या मिळतात. त्यांच्या मागे लागू नका. आफ्रिकेत पन्नासहून जास्त देश आहेत. घानाचा एवे भाषेत वाढलेला माणूस आणि दक्षिण आफ्रिकेचा झुलूत लिहिणारा माणूस एका दमात वाचले तर दोघंही निसटतात.

कथन आवडत असेल तर रुबादिरी घ्या. लोकगीतं आणि मौखिक परंपरा यांत रस असेल तर अवूनोर. वादविवाद आणि विचार आवडत असतील तर निकोल. माझा कल अवूनोर यांच्याकडे आहे आणि तो या लेखात लपणार नाही.

सेनेगलचे सेंघोर या यादीत का नाहीत, असं कुणी विचारेल. ते मोठे कवी, फ्रान्समध्ये व्याकरणाचे शिक्षक, पण १९६० ते १९८० राष्ट्राध्यक्ष. म्हणजे राजदूत पाठवणारे. त्यांचं वाचन हा स्वतंत्र उद्योग आहे.

पायरी २: दोन्ही नावांनी शोधा

इथे बरेच जण अडतात. अवूनोर यांच्या सुरुवातीच्या कविता जॉर्ज अवूनोर-विल्यम्स या नावानं छापल्या गेल्या. निकोल साहित्यात अबिओसे निकोल या नावानं लिहीत आणि सरकारी कागदावर डेव्हिडसन निकोल म्हणून सही करत. एकाच नावानं शोधलं तर अर्धा माणूस हाती लागतो. शोध रोमन लिपीतच घ्या. देवनागरीत जवळजवळ काही सापडत नाही.

पुस्तक एकच घ्यायचं झालं तर जेराल्ड मूर आणि उली बायर यांनी संपादित केलेला पेंग्विनचा आधुनिक आफ्रिकी कवितांचा संग्रह घ्या. पहिली आवृत्ती १९६३ ची, पुढच्या आवृत्त्यांत भर पडत गेली. जुन्या पुस्तकांच्या दुकानात मिळाला तर सोडू नका. इंटरनेट आर्काइव्हवर अशी पुस्तकं काही वेळा उसनी वाचायला मिळतात. ज्या महाविद्यालयात इंग्रजीचं पदव्युत्तर शिक्षण आहे तिथल्या ग्रंथालयातही विचारून बघा. हायनमनच्या 'आफ्रिकन रायटर्स सिरीज'ची पुस्तकं कधीकधी कपाटाच्या खालच्या फळीत पडून असतात.

पायरी ३: दोन रकाने आखा

कवितेचं वाचन तक्त्यानं सुरू करायचं म्हणजे रुक्ष वाटेल, पण या कवींच्या बाबतीत ही पायरी गाळू नका. डाव्या रकान्यात कविता आणि संग्रहांची वर्षं, उजव्या रकान्यात नोकऱ्या, तुरुंग, परागंदा होणं.

रुबादिरींचा उजवा रकाना असा भरतो. १९६४, राजदूत. १९६५, पंतप्रधान (पुढे अध्यक्ष) हेस्टिंग्ज बांडा यांच्याशी फाटलं, पद सोडलं आणि मायदेशाचे दरवाजे बंद झाले. मग मॅकेरेरेत शिकवणं. युगांडात इदी अमीनचा काळ आल्यावर नैरोबी, त्यानंतर बोट्सवाना. १९९४ च्या निवडणुकीत बांडा हरले. १९९७ मध्ये रुबादिरी पुन्हा संयुक्त राष्ट्रांत मलावीचे प्रतिनिधी झाले आणि २००० मध्ये मलावी विद्यापीठाचे कुलगुरू. राजदूताच्या दोन नेमणुकांमध्ये तीस वर्षांहून मोठा काळ गेला आणि तो सगळा परक्या देशांच्या वर्गांमध्ये.

डावा रकाना मात्र आखूड राहतो. रुबादिरींनी कविता थोड्या लिहिल्या. त्यांतली सर्वांत गाजलेली 'स्टॅन्ले मीट्स मुतेसा' पेंग्विनच्या १९६३ च्या संग्रहात आहे, म्हणजे राजदूतपदाच्या आधीची. हे एवढं कळलं की "राजदूताची कविता" हे लेबल आपोआप गळून पडतं.

पायरी ४: कोण, कोणाच्या वतीनं, कोणाशी बोलतंय ते विचारा

हीच खरी किल्ली. राजदूताचं काम म्हणजे दुसऱ्याच्या वतीनं बोलणं. या कवींच्या कवितांत हा निरोप्या, हा दूत, पदाच्या कितीतरी आधी येऊन उभा राहिलेला दिसतो. म्हणून प्रत्येक कवितेला हा एक प्रश्न लावा.

'स्टॅन्ले मीट्स मुतेसा' घ्या. १८७५ मध्ये वेल्समध्ये जन्मलेला प्रवासी स्टॅन्ले आजच्या युगांडातल्या बुगांडाचा राजा मुतेसा याच्या दरबारी पोचला, तो प्रसंग. कवितेचा पूर्वार्ध तांड्याचा आहे: फाटक्या चिंध्यांतले हमाल, त्यांच्या तासलेल्या डोक्यांवरून सारख्या घसरणाऱ्या जड पेट्या, घामट पाठींवर घोसानं बसलेल्या माश्या, वाटेत कोसळणारी तट्टं आणि माणसं. इंग्रजी साहित्य वाचलेल्याला इथे टी. एस. एलियटच्या 'जर्नी ऑफ द मेजाय'ची चाल लगेच ऐकू येते आणि ती मुद्दाम घेतलेली आहे. तिथले प्रवासी नवजात येशूला नमस्कार करायला निघालेले असतात. इथला प्रवासी कशाला आलाय, हे गावाला ठाऊक नाही.

मग दरबार येतो. केळीच्या बागांआडून गाव बघतंय, बोरूच्या कुंपणामागून पोरं डोकावताहेत. स्वागताला गाणाऱ्या बायका नाहीत. रुबादिरी स्टॅन्लेला सरळ 'गोरा राजदूत' म्हणतात आणि त्याच्यासाठी ढोलही वाजत नाहीत; वाजतो तो फक्त दरबार भरवण्याचा एक घुमणारा ढोल, कारण देशाची अजून खात्री पटलेली नाही. दार उघडतं, क्षणभर शांतता पसरते आणि त्या शांततेत दोन्ही बाजू एकमेकांना तोलतात. उंच राजा पुढे होतो, बारीक गोऱ्या माणसाचा हात धरतो, स्वाहिलीत हळूच "या" म्हणतो. दार मागे बंद होतं आणि पश्चिम आत आलेली असते.

आता प्रश्न लावा. मुतेसा कोणाच्या वतीनं "या" म्हणाला? कुंपणामागच्या पोरांना कुणी विचारलं होतं? राजनैतिक भेटीचा सगळा सोपस्कार या कवितेत आहे, पण कॅमेरा यजमानाच्या अंगणात ठेवलाय. पुढे स्वतः दुसऱ्यांच्या दारात अधिकारपत्रं घेऊन उभं राहणाऱ्या माणसानं हे आधीच लिहून ठेवलं होतं.

निकोल यांच्या 'द मीनिंग ऑफ आफ्रिका'ला हाच प्रश्न लावला की गंमत होते. त्यात परदेशी व्यासपीठ आहे, मुकाट ऐकणारा मायक्रोफोन आहे, समोर गोंधळलेले गोरे चेहरे आहेत. खंडाच्या नावानं जोरजोरात बोललेला तरुण मग गिनीच्या किनाऱ्यानं घरी येतो आणि त्याला कळतं की "आफ्रिका" हा देश नाही, आपापल्या भीती झाकायला प्रत्येकानं मनात घडवलेली कल्पना आहे. ही कविताही संयुक्त राष्ट्रांतल्या १९६९ ते १९७१ च्या कारकिर्दीआधीची. एवढी शंका पदरी असताना हा माणूस तिथे जाऊन देशाच्या नावानं बोलत राहिला, याचं मला कौतुक वाटतं.

पायरी ५: अवूनोर मोठ्यानं वाचा, निदान दोनदा

अवूनोर डोळ्यांनी वाचले तर अर्धेच कळतात. त्यांची आजी शोकगीतं गाणारी होती. अनलो-एवे लोकांत अंत्यविधीची शोकगीतं ही मोठी कला आहे आणि विनोको अकपालू हा त्या परंपरेतला नावाजलेला कवी. 'साँग्ज ऑफ सॉरो' ही कविता त्याच गीतांवर उभी आहे. आपल्याकडे बायका हेल काढून रडताना गेलेल्याला नावानं हाक मारतात, त्याच्याकडे गाऱ्हाणं करतात, भांडतातही. तो कान ठेवलात तर ही कविता समजायला टिपांची गरज पडत नाही.

बोलणारा नशिबाला दोष देत सुरुवात करतो. नशिबानं रानातल्या अणकुचीदार खुंटांत आणून सोडलंय, मागे फिरता येत नाही, पुढे जाणं कठीण. जगाचे व्यवहार म्हणजे सरड्याची विष्ठा, पाय पडला की धुऊन जात नाही. इथे थांबा आणि ती ओळ पुन्हा म्हणा. पाश्चात्त्य शोककवितेच्या शिष्टाचारात ही ओळ कधी बसली नसती.

पुढे आगोसू नावाच्या माणसाला निरोप दिला जातो. तिकडे जाशील तेव्हा त्यांना सांग, म्हणजे आधी गेलेल्यांना, की तुमचं घर कोसळतंय, कुंपणाची झाडं वाळवीनं खाल्ली, आम्ही इथे माती खातोय आणि तुम्ही तिथे रिकामे का बसलात ते विचार. पायरी ४ च्या प्रश्नाचं उत्तर इथे आपसूक मिळतं. जिवंतांच्या वतीनं मेलेल्यांकडे पाठवलेला हा दूत आहे आणि त्याच्या तोंडी घातलेला निरोप कुठल्याही परराष्ट्र खात्यानं मंजूर केला नसता.

जड वाटलं तर आधी 'द सी ईट्स द लँड अ‍ॅट होम' वाचा. घानाच्या किनाऱ्यावरचं केटा गाव समुद्रानं वर्षानुवर्षं गिळत नेलं, त्याची ही कविता. समुद्र रात्री येतो, सिमेंटच्या भिंती पाडतो, कोंबड्या, भांडी, पळ्या नेतो. एक बाई दोन कुडकुडणारी मुलं घेऊन, जिथे तिची चूल होती तिथे उभी आहे. बस, एवढंच. सुरुवातीला मी कुणालाही हीच सुचवतो.

पायरी ६: त्यांचा प्राध्यापकी ऐवज संदर्भ म्हणून वापरा

पदव्यांना घाबरण्यापेक्षा त्यांचा फायदा घ्या. अवूनोर यांनी अमेरिकेत स्टोनी ब्रूक इथे डॉक्टरेट केली, तिथे तौलनिक साहित्य शिकवलं आणि १९७४ मध्ये 'गार्डियन्स ऑफ द सेक्रेड वर्ड' या पुस्तकात अकपालूसह एवे कवींची गीतं इंग्रजीत आणली. त्यातली दोन गीतं वाचून 'साँग्ज ऑफ सॉरो'कडे परत या. आधी जे नुसतं विचित्र वाटलं होतं त्याला घर सापडतं. आफ्रिकी साहित्य-संस्कृतीवरचं त्यांचं 'द ब्रेस्ट ऑफ द अर्थ' (१९७५) सलग वाचू नका, लागेल ते प्रकरण काढा.

पायरी ७: तुरुंग आणि वकिलात, दोन्ही शेजारी ठेवा

१९७५ मध्ये अवूनोर घानातल्या केप कोस्टला शिकवायला परतले आणि वर्ष संपता संपता पकडले गेले. लष्करी सरकार उलथण्याचा आरोप असलेल्या एका सैनिकाला मदत केल्याचा ठपका होता. त्या तुरुंगवासातून 'द हाऊस बाय द सी' हा १९७८ चा संग्रह आला. ब्राझील-क्युबातल्या वर्षांचा माग १९९२ च्या 'लॅटिन अमेरिकन अँड कॅरिबियन नोटबुक'मध्ये लागतो. दोन्हींतल्या तीन-तीन कविता एका बैठकीत वाचा. मला तुरुंगातल्या कवितांची बांधणी जास्त घट्ट वाटते. तुमचं मत वेगळं पडू शकेल.

सगळं एका जागी हवं असेल तर 'द प्रॉमिस ऑफ होप' हा निवडक संग्रह आहे. तो कवीच्या हयातीत तयार होत होता, छापला गेला २०१४ मध्ये. मधल्या काळात, २१ सप्टेंबर २०१३ रोजी, नैरोबीच्या वेस्टगेट मॉलवर दहशतवादी हल्ला झाला. साहित्य महोत्सवासाठी त्या शहरात आलेले अवूनोर त्यात मारले गेले. शोकगीतांची ही कविता त्या बातमीच्या उजेडात वाचायचा मोह होतो. पहिल्या वाचनात तरी तो टाळा, कारण यातल्या बऱ्याचशा ओळी त्याआधी पन्नास वर्षं लिहिलेल्या आहेत.

पुढे काय

तीन कवी झाले की दक्षिण आफ्रिकेचे माझिसी कुनेने घ्या. त्यांच्यामागे सरकार नव्हतं. वर्णद्वेषी राजवटीविरुद्ध ते आफ्रिकन नॅशनल काँग्रेसचे युरोपातले प्रतिनिधी होते, नंतर लॉस एंजेलिसला प्राध्यापक. मूळ लेखन झुलूत करून ते स्वतःच इंग्रजीत आणत. 'एम्परर शाका द ग्रेट' हे जाडजूड महाकाव्य लगेच उघडू नका, १९७० चा 'झुलू पोएम्स' आधी वाचा. पोर्तुगीज वाचणाऱ्यांना, आणि गोव्यात असे वाचक आहेत, केप व्हर्दचे कोर्सिनो फोर्तेस मूळातूनच वाचता येतील. स्वतंत्र केप व्हर्दचे लिस्बनमधले पहिले राजदूत तेच. 'पाँव इ फोनेमा', म्हणजे भाकरी आणि ध्वनी, हा त्यांचा संग्रह स्वातंत्र्याच्या आदल्या वर्षी, १९७४ मध्ये आला. तक्त्यात त्यांचाही डावा रकाना आधी भरतो.