तात्पुरत्या मनाई हुकमाचा भंग झाल्यास न्यायालयात दाद कशी मागावी

निशाणी 5 चा अर्ज, म्हणजे दाव्यात तात्पुरत्या मनाई हुकमासाठी केलेला अर्ज, मंजूर झाला, प्रतिवादीने वादमिळकतीवर बांधकाम करू नये असा हुकूम झाला, की बहुतेक वादी निर्धास्त होतात. हुकूम मोडायचा असेल तर तो बहुधा शनिवारी सायंकाळी मोडला जातो आणि सोमवारी न्यायालय उघडेपर्यंत जोत्यावर विटांचे चार थर चढलेले असतात. यावरचा उपाय दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधील आदेश 39, नियम 2-अ यात आहे. मात्र तो उपाय फळतो की नाही, हे अर्जातल्या युक्तिवादापेक्षा भंग झाला त्या दिवशी तुम्ही काय केले यावर अवलंबून असते, असे माझे स्पष्ट मत आहे.

सर्वप्रथम हुकमाची प्रमाणित प्रत हाती घ्या आणि त्याचा शेवटचा परिच्छेद शब्दशः वाचा. ‘बांधकाम करू नये’ असा हुकूम असताना प्रतिवादीने जागेत फक्त वाळू आणून टाकली, तर तो भंग ठरेलच असे नाही. ‘जैसे थे’ आदेशात अडचण आणखी मोठी असते, कारण आदेशाच्या दिवशी जागेची स्थिती नेमकी काय होती हेच पुढे वादाचे होते. म्हणून असा आदेश मिळाला की त्याच दिवशी जागेची छायाचित्रे काढून ठेवावीत आणि शक्य असेल तर आदेश 26, नियम 9 खाली कोर्ट कमिशनर नेमून पाहणीचा अहवाल दाव्यात आणावा.

त्यानंतर प्रतिवादीला हुकमाची माहिती होती हे दाखवावे लागते. हुकूम झाला तेव्हा त्याचे वकील हजर असतील, तर त्या तारखेचा रोजनामा, म्हणजे न्यायालयाने ठेवलेली त्या दिवसाच्या कामकाजाची नोंद, पुरेसा बोलका असतो. हुकूम एकतर्फी, म्हणजे प्रतिवादीला न ऐकता झालेला असेल, तर आदेश 39 च्या नियम 3 प्रमाणे अर्ज, शपथपत्र, दावा आणि सोबतची कागदपत्रे विरुद्ध पक्षाला ताबडतोब पाठवून, तसे केल्याचे शपथपत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करणे वादीवर बंधनकारक आहे. तेथे ढिलाई झाली, तर ‘मला हुकूम माहीतच नव्हता’ हा बचाव आपणच प्रतिवादीच्या हातात देतो. बेलिफाचा (हुकूम बजावणाऱ्या न्यायालयीन कर्मचाऱ्याचा) अहवाल आणि टपालाची पोच जपून ठेवा.

भंग होताना दिसला की छायाचित्रे अशी घ्या, की नवे काम आणि न हलणारी एखादी खूण, म्हणजे जुनी विहीर, विजेचा खांब किंवा शेजारच्या घराचा कोपरा, एकाच चौकटीत येईल. केवळ विटांच्या ढिगाचे छायाचित्र कोणत्याही जागेचे असू शकते. मोबाइलमधील छायाचित्रे आणि चित्रफिती पुराव्यात वाचल्या जाव्यात यासाठी भारतीय साक्ष्य अधिनियम, 2023 च्या कलम 63 प्रमाणे प्रमाणपत्र जोडावे लागते, म्हणून मूळ मोबाइल बदलू नका व फाइल पुसू नका. पोलिसांकडे लेखी तक्रार देऊन पोच घ्या. ‘ही दिवाणी बाब आहे’ असे उत्तर मिळाले तरी तारीख नोंदली जाते, आणि दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 151 (न्यायालयाचे अंगभूत अधिकार) खाली पोलीस बंदोबस्त मागताना ती पोच उपयोगी पडते.

अर्ज ज्या न्यायालयाने हुकूम दिला तेथे, किंवा दावा वर्ग झाला असेल तर त्या न्यायालयात, शपथपत्रासह करावा. हुकमाची तारीख, तो कळल्याची तारीख, भंगाची तारीख व वेळ, कोणी काय केले आणि कोणी पाहिले, हे वेगवेगळ्या परिच्छेदांत लिहा. ‘प्रतिवादी वारंवार त्रास देतात’ अशा मोघम वाक्यांवर कोणालाही तुरुंगात पाठवता येत नाही. ही कारवाई शिक्षेच्या स्वरूपाची असल्याने न्यायालय भंग हेतुपुरस्सर झाला होता का हे काटेकोरपणे पाहते, प्रतिवादीचे म्हणणे घेते आणि प्रसंगी साक्षीपुरावा नोंदवते. त्या वेळी शपथपत्रातील प्रत्येक तारखेवर उलटतपास होईल हे गृहीत धरा.

भंग सिद्ध झाल्यास न्यायालय दोषी व्यक्तीची मालमत्ता जप्त करू शकते आणि तिला 3 महिन्यांपर्यंत दिवाणी कारागृहात ठेवू शकते. जप्ती एक वर्षाहून अधिक काळ टिकत नाही, मात्र तोवरही भंग चालूच राहिला, तर मालमत्ता विकून त्या रकमेतून वादीला नुकसानभरपाई देता येते. या नियमात उभी राहिलेली भिंत पाडण्याची तरतूद स्वतंत्रपणे लिहिलेली नाही, म्हणून पूर्वस्थिती आणण्याची मागणी कलम 151 चा आधार घेऊन वेगळी करावी. ही मागणी अनेकदा राहून जाते आणि शिक्षा होऊनही भिंत तशीच उभी राहते, याचे मला फार वाईट वाटते.

‘हुकूमच चुकीचा होता’ हा बचाव हमखास येतो. हुकूम चुकीचा वाटत असेल, तर तो रद्द करून घेण्यासाठी आदेश 39 चा नियम 4 आहे, अपील आहे. हुकूम अस्तित्वात असेपर्यंत तो पाळावाच लागतो. हिंद रबर इंडस्ट्रीजच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1997 साली त्याही पुढे जाऊन सांगितले, की मुंबईच्या दिवाणी न्यायालयाला तो दावा चालवण्याचा अधिकार नव्हता असे नंतर ठरले, तरी त्याआधी केलेल्या भंगाची शिक्षा टळत नाही.

नियम 2-अ खालील आदेशावर आदेश 43, नियम 1 प्रमाणे अपील होते. त्यामुळे शिक्षेचा आदेश झाला की त्याच दिवशी अपील न्यायालयात संहितेच्या कलम 148-अ खाली कॅव्हेट (मला ऐकल्याशिवाय आदेश करू नये असा आगाऊ अर्ज) दाखल करा, म्हणजे तुमचे म्हणणे न ऐकता स्थगिती मिळणे अवघड होईल. कॅव्हेटची मुदत 90 दिवसांची असते, तोवर अपील आले नाही तर नवे दाखल करावे.