ख्मेर दगडी पूल कसा पाहावा: आधी विटा, मग कांपाँग क्देई

कंबोडियाला जाण्याआधी घरी चार विटा घ्या, सुमारे २३ सेंमी लांबीच्या. पहिली जमिनीवर ठेवा, पुढची प्रत्येक वीट खालच्या विटेपेक्षा ६ सेंमी पुढे सरकवून रचा. तिसरीपर्यंत सारे ठीक. चौथी ठेवताच रचना पुढे कलते. आता खालून दुसऱ्या विटेच्या मागच्या टोकावर बोटाने दाबून धरा. चौथी वीटही टिकते. कंबोडियाच्या प्राचीन ख्मेर कमानीचे सगळे तंत्र या दाबात आहे. पाचरीच्या आकाराचे दगड आणि मधला कळीचा दगड इथे नसतोच. थर दोन्हीकडून पुढे सरकत वर एकमेकांना भिडतात आणि मागचा भराव त्यांना दाबून धरतो. म्हणून गाळा, म्हणजे दोन खांबांमधली मोकळी जागा, अरुंद, उंच राहतो आणि खांब जवळजवळ गाळ्याइतकाच जाड करावा लागतो.

हे डोळ्यांनी पाहायला कांपाँग क्देई गावचा स्पिअन प्राप्तोस हा पूल उत्तम. सिएम रीपहून आग्नेयेला, राष्ट्रीय महामार्ग ६ ने साधारण ६० किमी. बाराव्या शतकातला, ख्मेर राजा सातव्या जयवर्मनच्या काळातला हा पूल सुमारे ८५ मीटर लांब असून त्याला वीसहून जास्त गाळे आहेत. जड वाहनांसाठी बाजूने वेगळा रस्ता काढला, हे फार चांगले झाले. जानेवारी ते मार्चमध्ये जा. सप्टेंबर-ऑक्टोबरला पाणी चढलेले असते आणि गाळेच दिसत नाहीत.

वरून चालत जाऊन परत फिरू नका, पात्रात उतरा. सकाळी किंवा संध्याकाळी तिरप्या उजेडात थरांच्या पायऱ्या स्पष्ट दिसतात. भर दुपारी फोटोत गाळा नुसता काळा येतो. टेपने एक गाळा आणि शेजारचा खांब मोजा, थर मोजा, प्रत्येक थर किती पुढे आलाय ते लिहून घ्या. टेप दगडाला घासू देऊ नका, खडूच्या खुणा तर नकोतच. दगड जांभा आहे, कोकणातल्या चिऱ्याचा भाऊबंद: खाणीतून काढताना मऊ, वाऱ्यावर घट्ट होणारा, पण छिद्रांचा. बारीक कोरीवकाम त्यात टिकत नाही, म्हणून कठड्यावरचा अनेक फण्यांचा नाग वालुकाश्माचा.

मग सांधे बघा. रोपटे उगवलेला सांधा फोटोसह नोंदवा, पण रोप उपटू नका. मुळाबरोबर दगडही सैल होतो.

खांबांनी निम्मे पात्र अडवल्यामुळे पूर आला की पूल बंधाऱ्यासारखा वागतो. पाणी वरच्या अंगाला तुंबते, गाळ्यांतून जोरात सुटते आणि खालच्या अंगाला तळ उकरते. ओंडके अडकले की नदी काठ फोडून बगलेतून वाट काढते. म्हणून खालच्या अंगाचा तळ आणि दोन्ही टोकांचे काठ सर्वांत काळजीपूर्वक तपासा.

याचा शेवट कसा होतो ते ख्मेरांची जुनी राजधानी अंकोरमध्ये, थोम्मानोन आणि ता केओ या देवळांच्या मधे, स्पिअन थ्मा या पुलापाशी दिसते. नदी पुलाला बगल देऊन खोल वाहते आणि गाळे कोरडे उभे आहेत. तिथले दगड एकेक करून न्याहाळा: काहींवर देवळाचे नक्षीकाम आहे. ते आधी दुसऱ्या इमारतीत होते, नंतर पुलात बसवले गेले.