जादूची पोथी लिहिणारा लेखनिक गोष्टीत कसा उभा करायचा

गेल्या पावसाळ्यात पुतणीनं मला तिची गोष्ट वाचायला दिली. त्यात एक लेखनिक आहे, तो हवेत हात फिरवतो, अक्षरं सोन्यासारखी चमकतात आणि राक्षस खलास. मी म्हटलं अगं, ह्याला लेखनिक कशाला केलास, हातात टॉर्च दिली असतीस तरी चाललं असतं की. ती फुगली, म्हणाली, "मग तुम्हीच सांगा काका कसं लिहायचं ते." तर हे तिच्यासाठी, आणि फँटसी लिहिणाऱ्या बाकीच्यांसाठी पण.

पहिलं म्हणजे तो कशावर लिहितो ते ठरवा, बाकीचं अर्धं त्यातनंच निघतं. आपण बेळगावकडची माणसं, आपल्याला दोन्हीकडचं सामान फुकट मिळालंय, मराठीतला बोरू न् कागद आणि कन्नडातलं ताडपत्र. ताडपत्राचंच बघा. ह्या बाजूला त्यावर शाईनं लिहीत नसत, लोखंडी टोकानं पान कोरायचे, आणि कोरून झालं तरी अक्षर धड दिसत नाही, नुसते ओरखडे. मग तेलात कालवलेली काजळी पानभर चोळायची आणि फडक्यानं पुसून घ्यायची, वरची निघून जाते, खाचांतली राहते, आणि अख्खी ओळ एकदम वर येते. आता ह्याच्यावर वेगळी जादू कशाला पाहिजे सांगा. शिपाई घराची झडती घेतात, कोरी पानं म्हणून अंगणात भिरकावून जातात, आणि रात्री लेखनिकाची म्हातारी चुलीपाशी बसून तव्याच्या बुडाची काजळी बोटावर घेते. झाला की सीन.

कागद घेतलात तर मोडी घ्या. मोडी लिहिणारे आधी पानभर आडव्या रेघा ओढून ठेवायचे आणि मग त्या रेघेला अक्षरं टांगत जायचे, बोरू शक्यतो न उचलता. ह्यातनं नियम तयार करा, हात उचलला की मंत्र तुटला. पण बोरूतली शाई संपते ना, मग एका बुडवणीत जेवढी अक्षरं बसतील तेवढाच मंत्र. म्हणजे तुमच्या लेखनिकाला काटकसर आली, शब्द निवडायची पाळी आली, आणि ऐन वेळी शिंक आली तर काय ही धाकधूक पण आली. जादूला अशी मर्यादा नसली की वाचणारा चौथ्या पानावर जांभई देतो, हे माझं स्पष्ट मत.

शाई एकदा घरी करून बघा, मी केलीय. तेलाच्या दिव्यावर पितळी वाटी पालथी धरून दोन संध्याकाळी बसलो तेव्हा कुठं चमचाभर काजळी जमली, ती खलात पाण्याबरोबर घोटत बसलो आणि बाभळीचा डिंक घालताना हात आखडता घेतला. लिहिलं झकास, पण वाळल्यावर बोट फिरवलं तर ओळ पुसून बोटाला लागली. घरच्यांनी वाटीवरनं जे ऐकवलं ते वेगळंच. पण कळलं काय, की लेखनिकाची नखं कायम काळी असणार आणि घोटून घोटून मनगट दुखणार. हे लिहा, डोळ्यांत निळी ज्योत वगैरे नको.

दुसरी शाई हिरडा आणि हिराकसाची, हिराकस म्हणजे लोखंडाचा एक क्षार. ही लिहिताना फिकी दिसते, हवा लागली की हळूहळू काळी पडत जाते, आणि पुढं बऱ्याच वर्षांनी कागदच खाते. ज्या शाईनं शक्ती मिळते तीच पोथी पोखरतेय, ह्याच्यापेक्षा चांगली किंमत कुठली शोधणार.

आता माझी लाडकी गोष्ट, हरताळ. पोथीत चूक झाली की हा पिवळा दगड वाटून, डिंकात कालवून त्या अक्षरावर फासायचे, आपण 'नियमांना हरताळ फासला' म्हणतो ते इथनंच. आणि हरताळ विषारी, त्यात आर्सेनिक असतं. कल्पना करा, पोथीतल्या एका नावाला हरताळ फासला आणि गावात त्या माणसाला कुणी ओळखेना, बायको सुद्धा. पण हरताळानं अक्षर जात नाही, नुसतं झाकलं जातं. पोपडा सुटला की खालचं नाव परत उघडं.

शापाचं म्हणाल तर खानापूर तालुक्यातल्या हलशीचे कदंब राजांचे ताम्रपट आठवा, तांब्याच्या पत्र्यावर कोरलेली दानपत्रंच ती. जुन्या दानपत्रांच्या शेवटी बहुतेक वेळा एक धमकी असायची, दिलेली जमीन जो हिसकावेल तो 60,000 वर्षं विष्ठेतला किडा होईल. 'जो असं करेल त्याचं असं होईल', शाप असाच लिहा, अट घालून. मग कोण ती अट मोडतो ह्यावर गोष्ट चालते.

भाषेला घाबरू नका. बाजारात एकानं "काय करुलास रे" विचारलं आणि दुसऱ्यानं कन्नडात उत्तर दिलं तर आपल्याकडं कुणी वळून बघत नाही, मग मंत्र एका लिपीत आणि त्याची उकल दुसऱ्या लिपीत असायला काय हरकत आहे?

पुतणीनं परत लिहायला घेतलंय. आता राक्षस अजून आलेलाच नाही, सातव्या पानावर पोथी उघडी पडलीय आणि पिवळ्या हरताळाचा एक पोपडा कडेनं सुटलाय.