स्पेन्सर हिमनदीची हिवाळी सहल: स्नोमोबाइल आणि स्नोशू एकाच दिवशी

अलास्कातल्या अँकरेजहून स्यूअर्ड महामार्गाने साधारण ६० किलोमीटरवर गर्डवुड आहे. तिथून थोडं पुढे पोर्टेज आणि प्लॅसर नदीचं खोरं लागतं. स्पेन्सर हिमनदीपर्यंत उन्हाळ्यात रेल्वेने जाता येतं. हिवाळ्यात मात्र प्लॅसरच्या खोऱ्यातून सहसा बर्फावर चालणाऱ्या मशीनने, म्हणजे स्नोमोबाइलने जातात. नेहमीची सहल अशी असते: मशीनने हिमनदीसमोरच्या गोठलेल्या तळ्यापर्यंत जायचं, तिथे स्नोशू (बर्फात पाय रुतू नये म्हणून बुटाखाली बांधायच्या रुंद चौकटी) बांधून पायी हिंडायचं आणि पुन्हा मशीनवर बसून परतायचं.

या भागाची उंची समुद्रसपाटीच्या आसपास आहे. लडाखसारखा विरळ हवेचा त्रास इथे होत नाही. थंडीही अलास्काच्या आतल्या भागातल्या फेअरबँक्ससारखी कोरडी नाही. समुद्र जवळ असल्यामुळे पारा बरेचदा शून्याच्या आसपास असतो आणि खोऱ्यात कधी कधी चक्क पाऊस पडतो. त्यामुळे इथला खरा शत्रू ओलावा. मशीनवर माणूस बसून वारा खातो, स्नोशूवर घामाघूम होतो. एकाच दिवसात शरीराला दोन उलट्या गोष्टी लागतात, आणि बहुतेकांची फजिती होते ती मशीनवरून उतरून चालायला लागतानाच्या आणि चालून झाल्यावर पुन्हा बसतानाच्या दहा मिनिटांत.

कधी जायचं, कुणाबरोबर जायचं

फेब्रुवारीचा उत्तरार्ध आणि मार्च उत्तम. २१ डिसेंबरला अँकरेजमध्ये जेमतेम साडेपाच तास उजेड असतो, मार्चच्या मध्यापर्यंत तो १२ तासांच्या घरात जातो आणि तोवर बर्फही चांगला दबून बसलेला असतो. हे खोरं ज्यात येतं त्या चुगॅच राष्ट्रीय वनाचा कोणता भाग मोटारवाहनांसाठी कधी खुला करायचा हे वनखातं बर्फाची जाडी पाहून ठरवतं. म्हणून नाताळच्या सुट्टीचं बुकिंग करताना ‘प्लॅसर बंद असेल तर कुठे नेणार?’ हे आधीच विचारा. तिथली माणसं या वाहनाला ‘स्नोमशीन’ म्हणतात, त्यामुळे शोधताना दोन्ही शब्द टाका.

सहल चालवणाऱ्यांकडे या वनात धंदा करण्याचा परवाना आहे का, एका गाइडमागे किती मशीन असतात, मोबाइलची रेंज नसलेल्या खोऱ्यात संपर्कासाठी सॅटेलाइट उपकरण आहे का, हिमस्खलनाचं सामान प्रत्येकाला देतात की फक्त गाइडकडे असतं, हे सगळं विचारून घ्या. मशीनचं नुकसान झालं तर किती रक्कम तुमच्या माथी बसेल, हेही लेखी घ्या. बर्फाखालच्या खोडावर आपटून पुढची स्की वाकणं हा प्रकार दुर्मीळ नाही. चालवणाऱ्याकडे वाहन परवाना असावा अशी अट बरेच जण घालतात, तेव्हा भारतातला मूळ परवाना सोबत ठेवा. भारतातून काढलेला प्रवासविमा घेताना मोटारवर चालणारे साहसी खेळ त्यात वगळलेले नाहीत ना, ते बारीक अक्षरात वाचा. बहुतेक साध्या पॉलिसींत वगळलेले असतात.

कपडे

सूट, बूट, हेल्मेट आणि जाड हातमोजे सहसा तिथेच मिळतात. आतले कपडे मात्र आपले, आणि तिथेच चुका होतात. सुती बनियन, सुती मोजे, जीन्स यांतलं काहीही नको. सूत घाम धरून ठेवतं आणि ते वाळत नाही. सर्वांत आत मेरिनो लोकर किंवा सिंथेटिकचा पातळ थर, त्यावर फ्लीस आणि वर त्यांचा वाराबंद सूट. मोज्यांची एकच जाड जोडी घाला. दोन जोड्या घातल्या की बूट घट्ट होतो, रक्त खेळत नाही आणि बोटं उलट लवकर गारठतात.

पिशवीत हे वेगळं ठेवा: कोरडा आतला टॉप, मोज्यांची जोडी, पातळ हातमोज्यांच्या दोन जोड्या, कानटोपी आणि एक हलकं पफ जॅकेट. लांब ओढणी, मफलर यांना पूर्ण फाटा द्या, कारण त्यांचं टोक मशीनच्या फिरत्या पट्ट्यात जाऊ शकतं. गळ्यासाठी नळीसारखा नेक गेटर वापरा. कानातले आणि नथ उतरवून ठेवा. धातू थंडी थेट कातडीपर्यंत नेतो.

वाऱ्याचा हिशोब एकदा डोळ्यांसमोर असावा. हवा उणे १८ अंश असताना ताशी ४८ किलोमीटरने मशीन चालवलं, तर उघड्या कातडीला ती थंडी उणे ३२ अंशांसारखी लागते आणि अर्ध्या तासात हिमदंश होऊ शकतो. गॉगल आणि गेटर यांच्या मधे राहिलेली बोटभर फट नेमकी गालाच्या हाडावर येते. निघण्याआधी एकमेकांचे चेहरे तपासा.

चष्मा असेल तर चष्म्यावर बसणारा गॉगल मागून घ्या. गॉगल कपाळावर सरकवून ठेवू नका, घामाची वाफ आत शिरून काच धुरकट होते. आतून बोटाने पुसलं तर धुकं न धरणारा लेप जातो. गेटर नाकाखाली घ्या आणि श्वास खालच्या दिशेने सोडा.

मशीन चालवताना

पुढे दोन स्की, मागे एक रुंद रबरी पट्टा. गिअर नाही, क्लच नाही. ॲक्सिलरेटर उजव्या अंगठ्याखाली, ब्रेक डाव्या मुठीत. इंजिन बंद करणारं लाल बटण आणि अंगाला अडकवायची दोरी असते. माणूस पडला की दोरी सुटते आणि मशीन थांबतं. ती न अडकवता निघू नका.

ज्यांनी आयुष्यभर स्कूटर चालवली त्यांच्या दोन सवयी इथे महागात पडतात. तोल जातोय असं वाटलं की आपला पाय आपसूक जमिनीवर जातो. इथे तो पाय बर्फात रुततो, अडीचशे किलोच्या आसपासचं मशीन पुढे जातं आणि गुडघा पिळवटतो. पाय कायम फळीवरच. मशीन कलंडायला लागलं तर अंगठा सोडा आणि वरच्या बाजूला उडी टाका. दुसरी सवय म्हणजे घाबरलं की हँडल घट्ट आवळणं. आवळताना अंगठाही दाबला जातो, आणि थांबवायचं तिथेच मशीन उसळी घेतं. म्हणून सपाटीवर सुरुवातीलाच पाचसहा वेळा सराव करा: अंगठा पूर्ण सुटा, मग ब्रेक.

वळताना वळणाच्या आतल्या बाजूला झुका. मागे कोणी बसलं असेल तर त्यानेही त्याच बाजूला झुकायचं. उंचसखल भागात गुडघे वाकवून फळीवर उभं राहिलं की धक्के कंबरेपर्यंत पोचत नाहीत. दोन मशीनमध्ये किमान ३० मीटर अंतर ठेवा, उडणाऱ्या बर्फामुळे पुढचा दिसेनासा झाला तर आणखी. गाइडच्या मागावरून बाहेर जायचं नाही. बाजूचा गुळगुळीत दिसणारा पांढरा पट्टा म्हणजे अनेकदा बर्फाखाली साचलेलं पाणी असतं, आणि त्यात मशीनचा रबरी पट्टा भिजून गोठला की तो फोडून काढायलाच तासभर जातो.

मशीन रुतलं, तर अंगठा ताबडतोब सोडा. जोर देत राहिलात की पट्टा खड्डा खणत खाली जातो आणि पाच मिनिटांचं काम पाऊण तासाचं होतं. सोडवायची रीत अशी:

१. इंजिन बंद करा, उतरा, आणि पुढचा दहाएक पावलांचा बर्फ पायांनी तुडवून घट्ट करा.
२. स्कींच्या पुढचा आणि मशीनच्या पोटाखालचा बर्फ फावड्याने काढा. पोट टेकलेलं असतं म्हणूनच पट्ट्याला पकड मिळत नाही.
३. दोघांनी मिळून मशीन एका कडेला कलंडवा, पट्ट्याखालचा खड्डा बर्फाने भरून दाबा, मशीन सरळ करा.
४. एकाने स्की ओढायच्या, दुसऱ्याने अगदी हलका अंगठा द्यायचा. मागे कोणीही उभं राहू नये, पट्टा बर्फाचे टणक तुकडे गोळ्यांसारखे फेकतो.

हे करताना सूटची चेन आधीच अर्धी उघडा. रुतलेलं मशीन काढताना येणारा घाम हा पूर्ण सहलीतला सर्वांत वाईट घाम, कारण त्यानंतर लगेच वाऱ्यात बसायचं असतं.

आणखी एक: ही इंजिनं पट्ट्याने उडवलेल्या बर्फावर थंड होतात. तळ्याच्या उघड्या टणक बर्फावर बराच वेळ चाललात तर तापमानाचा दिवा लागतो. तेव्हा थांबून रेडिएटरच्या भागावर भुसभुशीत बर्फ टाकायचा किंवा कडेच्या मऊ बर्फातून चालवायचं.

उतरल्यावरची दहा मिनिटं

मशीन थांबलं की गप्पा आणि फोटो नंतर. आधी जाड सूटचा वरचा भाग काढून कंबरेला बांधा, जाड हातमोजे काढून पातळ घाला, आणि थोडंसं गार वाटत असतानाच चालायला लागा. सह्याद्रीत ट्रेक करणाऱ्यांना ‘घाम आला की थांबू’ ही सवय असते. इथे घाम येण्याआधी थर कमी करायचा.

स्नोशूचा आकार वजनावरून ठरतो आणि त्यात पिशवीचं वजनही धरायचं. साधारण ८० किलोपर्यंत २२ इंची, त्यावर १०० किलोपर्यंत २५ इंची. बांधताना चवड्याचा फुगीर भाग बरोबर बिजागरीवर आला पाहिजे. पुढे सरकला तर प्रत्येक पावलाला टोक बुटाला अडतं. बकल बाहेरच्या बाजूला ठेवा, नाहीतर ती एकमेकांत अडकतात. पावलं नेहमीपेक्षा थोडी फाकवून टाका. उलट पावलांनी मागे चालू नका, स्नोशूचं शेपूट बर्फात खुपसून माणूस पाठीवर आपटतो. वळायचं तर अर्धवर्तुळ घ्या.

चढावर टाचेखालची पट्टी उभी करा, पोटऱ्या वाचतात. उतारावर ती पाडा, गुडघे वाकवा आणि वजन टाचेवर ठेवा. मऊ बर्फात पुढच्याला सर्वाधिक मेहनत पडते, म्हणून दर पाच-दहा मिनिटांनी पुढचा मागे जाऊ द्या. दबलेल्या वाटेवर ताशी दोन-तीन किलोमीटर, ताज्या खोल बर्फात जेमतेम दीड. शून्याच्या आसपासच्या ओल्या बर्फाचे गोळे तळाच्या दात्यांना चिकटतात आणि पकड जाते, तेव्हा काठीने टपली मारून ते झटका.

गर्डवुडच्या आसपास झाडीत चालत असाल तर स्प्रूस आणि हेमलॉकच्या बुंध्याला चिकटून जाऊ नका. खालच्या फांद्यांमुळे बुंध्याभोवती पोकळी राहते, आणि तीत डोक्यावर पडलेल्या माणसाला स्वतःहून बाहेर येता येत नाही.

तळ्यात अडकलेले हिमनग निळे आणि मोहक असतात, पण त्यांना हात लावण्याइतकं जवळ जायचं की नाही हे गाइड ठरवेल. हिमनग हिवाळ्यातही हलू शकतो, आणि तो हलला की भोवतालचं तळ्याचं बर्फ फुटतं. हिमनदीच्या उभ्या तोंडापासून आणि बर्फाच्या गुहांपासून लांबच राहा. छत कधी कोसळेल याला वेळापत्रक नाही. हिमनदीच्या अंगावर भेगा बर्फाने झाकलेल्या असतात, तिथे दोर आणि तसं प्रशिक्षण असलेला गाइड नसेल तर पाऊल टाकू नका.

हिमस्खलन

चुगॅच हिमस्खलन केंद्र हंगामात धोक्याची पातळी जाहीर करतं, एक ते पाच. सकाळी ती स्वतः वाचा. तीन म्हणजे ‘बरा’ नव्हे. बहुतांश हिमस्खलनं ३० ते ४५ अंशांच्या उतारांवर होतात, पण गाडली जाणारी माणसं कधी कधी खाली सपाटीवर उभी असतात. पोर्टेजजवळच्या बायरन हिमनदीची सोपी वाट त्यामुळेच हिवाळ्यात फसवी आहे.

ट्रान्सीव्हर (गाडलेल्या माणसाचा ठाव लावणारं रेडिओ उपकरण), प्रोब (बर्फात खुपसून शोधायची लांब काठी), फावडं तिन्ही अंगावर हवीत. मशीनच्या खणात ठेवलेलं फावडं मशीनबरोबरच गाडलं जातं. ट्रान्सीव्हर सूटच्या आत बांधा आणि फोन त्यापासून किमान २० सेंटिमीटर दूर ठेवा. शोध घेताना ५० सेंटिमीटर, किंवा सरळ बंद. गरम होणारे विजेचे हातमोजेही त्यात गोंधळ घालतात. गाडलेल्या माणसाला पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत काढलं तरच आशा मोठी असते, म्हणजे मदत बाहेरून येत नाही, बरोबरचेच करतात. सुरुवातीच्या सरावात फक्त पाहू नका, एकदा स्वतः शोधून दाखवा.

खाणं, पाणी आणि परत बसणं

चिक्की थंडीत दगड होते, दशमीही वातड होते. तिळाचे किंवा शेंगदाण्याचे लाडू, खजूर आणि सुका मेवा आतल्या खिशात ठेवले तर हातमोजा न काढता खाता येतात. पाण्याची बाटली उलटी ठेवा, बर्फ वर धरतो आणि मग झाकण मोकळं राहतं. नळीची पिशवी नको, नळी गोठते. थर्मासमधला गरम चहा मात्र सोन्याच्या मोलाचा.

परतीला बसण्याआधी ओला टॉप आणि ओले मोजे बदलाच, दोन मिनिटं उघड्यावर कुडकुडावं लागलं तरी. न बदलता निघालेला माणूस वीस मिनिटांत थरथरू लागतो. बरोबरच्याचे शब्द अडखळत असतील किंवा चेन लावता येत नसेल तर गाइडला थांबवा. बोट पांढरं पडून झोंबणं थांबलं असेल तर ते काखेत धरा, चोळू नका, बर्फ तर लावूच नका.

संध्याकाळी अँकरेजकडे परतताना महामार्गावर मूस (अवाढव्य हरणं) आडवे येतात आणि हिमस्खलनामुळे रस्ता तासन्‌तास बंद राहू शकतो. टाकी अर्ध्याच्या वर ठेवा आणि त्याच रात्रीचं विमान ठेवू नका. पोर्टेजजवळ रस्त्याकडेला वाळलेली राखाडी झाडं दिसतात, ती १९६४ च्या भूकंपात जमीन खचून खाऱ्या पाण्याने मेलेली. फोटोसाठी महामार्गालगतच्या टर्नअगेन खाडीच्या गाळात उतरू नका, त्यात पाय रुततो आणि भरती वेगाने येते.