बोलण्यातली जादू कथेत कशी रचावी

बोललेल्या शब्दाने गोष्टी घडतात अशी जादू कथेत आणायची असेल, तर कागदावर मंत्र जुळवत बसण्याची चूक प्रथम टाळावी. संस्कृतचा भास होणाऱ्या चार सयमक ओळी पात्राच्या तोंडी घातल्या की काम झाले, असे बरेच नवे लेखक धरून चालतात; परंतु मग वाचता येणाऱ्या प्रत्येकालाच ती जादू साधायला हवी, आणि गुरू, साधना, गुपित, चोरी या कथेला लागणाऱ्या साऱ्या गोष्टींना अर्थ उरत नाही. म्हणून जे बोलण्यात असते पण लिपीत उतरत नाही, त्यातच शक्ती ठेवावी.

मराठीत अशी सर्वांत सोपी जागा च, ज, झ या वर्णांची आहे. 'जग' हा शब्द दुनिया या अर्थाने उच्चारताना जीभ टाळूला लागते आणि 'तू जग' अशी आज्ञा करताना ती दातांच्या मागे सरकते. लिहिताना मात्र दोन्ही एकच. समजा, एक म्हातारा मरायला टेकलेल्या बैलाच्या कानात 'जग' म्हणतो आणि बैल उठून उभा राहतो. हा मंत्र वहीत उतरवून नेणाऱ्याने टाळूचा ज उच्चारला, तर बैल तसाच पडून राहील आणि गोठ्याभोवती सगळे गाव मात्र गोळा होईल, कारण त्याने हाक जगाला मारली आहे. उच्चाराच्या चुकीने फळ उलटते ही कल्पना आपल्याकडे फार जुनी आहे. वैदिक कथेतल्या त्वष्टा या देवाने इंद्राला मारणारा पुत्र मिळावा म्हणून 'इन्द्रशत्रु' हा शब्द योजला, पण स्वराघात शेवटच्या अक्षराऐवजी पहिल्यावर पडला, समासाचा अर्थ 'इंद्र ज्याला मारणारा आहे' असा झाला, आणि तो पुत्र, वृत्र, इंद्राच्याच हातून मेला. अर्थात, अशा चुकीचे फळ दर वेळी मृत्यूच दाखवू नये. फजिती वाचकाच्या अधिक काळ लक्षात राहते.

दुसरी जागा क्रियापदाची, आणि माझ्या मते मराठवाड्यातल्या लेखकाचे खरे धन येथेच आहे. 'पाऊस यावा' ही विनंती, 'पाऊस येईल' हे भाकीत, आणि 'पाऊस आला' ही घटना. मात्र बाजेवरून न उठताच 'आलोच' म्हणणारा माणूस आपण सर्वांनी पाहिलेला आहे. न घडलेले घडले म्हणून सांगण्याची ही मराठीची सवय जादूचा नियम म्हणून जशीच्या तशी उचलता येते. क्रियापद जितके ठाम, तितकी बोलणाऱ्याला पडणारी किंमत मोठी, एवढे ठरवले की पुरे. त्यात बोलीची अट घालावी. लातूर-नांदेडकडे 'येत आहे' असे न म्हणता 'येऊलालाय' म्हणतात. शिकायला पुण्याला गेलेल्या मुलीने वसतिगृहात हसू होते म्हणून हे रूप टाकून दिले असेल, तर ती गावी परतून कितीही शुद्ध मराठीत 'पाऊस येत आहे' म्हणाली तरी ढग हलणार नाही. तिला आधी आजीजवळ बसून ते 'येऊलालाय' न लाजता पुन्हा तोंडात बसवावे लागेल, आणि कथा खरी त्या बसण्यातच आहे.

गावाचे रोजचे नियम नव्याने शोधण्याची गरज नाही, कारण ते घराघरांत पाळले जातात. निरोप घेताना 'जातो' न म्हणता 'येतो' म्हणतात, नारळ फोडत नाहीत तर वाढवतात, रात्री सापाचे नाव न घेता 'लांबडं' म्हणतात, आणि वास्तुपुरुष 'तथास्तु' म्हणेल म्हणून अभद्र बोलू देत नाहीत. आपल्या कथेत हे सारे संकेत अक्षरशः खरे माना. मग कोणीतरी चिडून 'जातो' म्हणाला की त्या एका शब्दानेच वाचकाच्या पोटात गोळा येईल.

किंमत ठरवताना मात्र कंजुषी करू नये. 2016 साली लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, हे ज्या वाचकांच्या आठवणीत आहे, त्यांना फुकटात पडणारा पाऊस पटणार नाही. मला स्वतःला शब्द खर्च होण्याची कल्पना आवडते: ज्याने 'पाणी' म्हणून पाणी आणले, त्याच्या तोंडून तो शब्द पुन्हा कधीच फुटत नाही. तहान लागली तर तो तांब्याकडे बोट दाखवतो, आणि त्या बोटावरून गावाला कळते की त्या वर्षी विहीर कोणी भरली.

शक्ती शब्दात आहे की बोलणाऱ्यात, हेही लिहायला बसण्यापूर्वी ठरवावे. पैठणला ज्ञानेश्वरांनी रेड्याच्या मुखातून वेद वदवल्याची आख्यायिका आहे. तिच्यात शब्द तेच राहतात आणि मुख बदलते, त्यामुळे वेद कोणी म्हणावेत हा प्रश्नच उलटा होतो. ज्याच्या तोंडून जादू निघू नये असे गाव मानते, त्याच्याच तोंडून ती काढावी. देगलूरकडची तेलुगू, उमरग्याकडची कन्नड, बंजारा तांड्यावरची गोरमाटी आणि निजामाच्या राजवटीपासून रुळलेले उर्दू शब्द यांतल्या प्रत्येकाची शक्ती निराळी ठेवता येते. पण पहिल्याच कथेत इतका पसारा मांडू नये.

एक पथ्य मी कटाक्षाने पाळतो. साप किंवा विंचू चावलेल्या माणसाला कथेतही मंत्राने बरे करत नाही. दंश झालेल्याला उपचारापासून रोखून मंत्रतंत्र करणे हा महाराष्ट्रात 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे, आणि पान लागलेल्या, म्हणजे साप चावलेल्या, माणसाला दवाखान्यात न्यायला अजूनही उशीर होतो. बैल उठवा, विहीर भरा, रुसलेला भाऊ परत आणा. जादूला कामे कमी नाहीत.

मसुदा झाल्यावर तो छापील प्रतीवरून कोणाला वाचायला देऊ नये. घरातल्या वडीलधाऱ्या, शक्यतो अक्षरओळख नसलेल्या माणसाला तो मोठ्याने वाचून दाखवावा आणि त्यातला मंत्र त्यांना परत म्हणायला सांगावे. त्यांनी आपला उच्चार दुरुस्त केला, तर तो मुकाट्याने वहीच्या समासात नोंदवून घ्यावा.