एफटीपी चाचणीच्या आधी

एफटीपी म्हणजे सायकलवर साधारण तासभर टिकवता येईल असा जास्तीत जास्त जोर, वॅटमध्ये मोजलेला. तो २० मिनिटांच्या चाचणीतून काढायचा, तर आधी दिवस ठरवा. आदल्या दोन दिवसांत लांब राइड नको, जागरणही नको. एप्रिल-मे मध्ये पारा ४० पार गेलेल्या दुपारी चाचणी दिली तर मोजणार काय, पाय की ऊन? पहाटेच निघायचं. रात्री भाकरी पोटभर खा, ठेचा मात्र राहू द्या. सकाळी एक-दोन केळी पुरतात.

रस्ता असा हवा की २० मिनिटं पाय थांबणार नाहीत. संभाजीनगरकरांना खुलताबादचा घाट खुणावतो, आणि चढावर जोर एकसारखा लागतो हेही खरं. पण दौलताबादच्या तटबंदीतल्या अरुंद दरवाजात समोरून ट्रक आला की चाचणी तिथंच संपली. म्हणून घड्याळ दरवाजा ओलांडल्यावर सुरू करा. श्रावणातले शनिवार सोडाच, खुलताबादच्या भद्रा मारुतीच्या दर्शनाला पायी जाणाऱ्यांनी रस्ता भरलेला असतो.

टायरवरून आदल्या दिवशीच कापड फिरवा. बाभळीचा काटा मोडून आत राहतो आणि नेमका दुसऱ्या दिवशी ट्यूबपर्यंत पोचतो.

पॉवर मीटरचं, म्हणजे पेडलवरचा जोर वॅटमध्ये मोजणाऱ्या यंत्राचं, मात्र नीट ऐका. सायकल दहा-पंधरा मिनिटं बाहेर हवेत ठेवा, मग पेडलवर पाय न ठेवता झिरो ऑफसेट करा, म्हणजे मीटरचं शून्य पुन्हा जुळवा. मी एकदा हे विसरलो. आकडा इतका देखणा आला की महिनाभर तोच खरा धरला, आणि ठरलेला प्रत्येक इंटरव्हल (ठरल्या वेळेचा जोराचा टप्पा) अर्ध्यात सुटत गेला. दोष मी पायांना देत होतो!

वॉर्मअप २० मिनिटं, मग ५ मिनिटं जीव तोडून. हा टप्पा गाळू नका. ताज्या पायांची उसनी ताकद इथं खर्च झाली नाही तर पुढचा आकडा फुगतो. १० मिनिटं सावकाश, आणि मग खरी २० मिनिटं. स्क्रीनवर क्षणाक्षणाचे वॅट नकोत, लॅपची, म्हणजे या २० मिनिटांच्या टप्प्याची, सरासरी लावा. पहिली पाच मिनिटं 'फारच हळू जातोय' असं वाटलं पाहिजे.

सरासरीचे ९५ टक्के म्हणजे एफटीपी: २१० वॅट आले तर साधारण २००. त्याच्या ५६ ते ७५ टक्के, म्हणजे ११२ ते १५० वॅट, ही तुमची रोजची लांब पल्ल्याची गती. बहुतेकांना ती अपमानास्पद वाटते. आकड्याशेजारी वहीत वारा, तापमान, खाल्लेलं, निघायची वेळ लिहून ठेवा. सहा-आठ आठवड्यांनी हीच वही उघडून, याच रस्त्यावर, याच वेळी.